दोन भालदार

रुवीतल्या आमच्या खोलीत गाण्याला मनाई होती,
माझ्यामुळे.
मी रात्रभर बेकरीत खुबूस भाजायचो, दिवसा झोपायचो.
म्हणून वझे आणि मुकादम
रियाज करायचे बिनआवाजी.

पांघरुणाच्या भोकातून मी बघायचो.
वझे कानाची पाळी धरायचा, गुरूचं नाव मनात,
तोंड उघडायचा विहिरीएवढं,
हात वर, आणखी वर, पार पंख्याच्या पात्याखाली,
मुकादम घड्याळ लावून बसलेला.
चाळीस सेकंद.
मग मुकादमची पाळी. एक्केचाळीस.
श्वास चोरलास, वझे नुसत्या ओठांनी.
तू षड्ज चोरलास, मुकादम बोटांनी.
मधल्या बादलीत एसीचं पाणी पडायचं,
खोलीत तेवढंच काय ते तालात.

ऑपेराला माणसं हवीत हे कळलं
तेव्हा दोघांनी ते एकमेकांपासून लपवलं
आणि एकाच शेअर टॅक्सीत सापडले,
मांडीला मांडी, आपापल्या खिडकीबाहेर बघत.
इटलीच्या बाईने उंची मोजली, छाती मोजली,
गळा कुणी विचारला नाही.
भाले दिले. म्हणाली, तोंड बंद.

मी रजा काढून मागच्या रांगेत, उसन्या कोटात.
राजा मरत होता आणि मरता मरता गात होता,
अर्धा तास, अगदी तब्येतीत.
डावीकडून वझे एक पाऊल उजेडात सरकला.
मुकादम दोन.
वझेच्या भाल्यात मुकादमचा झगा,
मुकादमची मिशी वझेच्या दंडावर,
कुणाचं तरी शिरस्त्राण गडगडत राजाच्या उशाशी.
आणि राजा वरच्या सुरावर पोचला त्याच क्षणी
दोघांनीही, सवयीने,
तोंडं उघडली. हात वर.
अख्खं थिएटर फुटलं. मेलेल्या राजाचं पोट हललं.
मला हसता आलं नाही,
मी सेकंद मोजत होतो.

भाले परत घेतले, मिशाही.

रात्री मत्रहच्या समुद्राकाठी मी चहा आणायला उतरलो.
परत येतो तर
मुकादमच्या कंपनीच्या गाडीत, काचा वर करून,
दोघं गात होते.
या खेपेला खरोखर. काच थरथरत होती,
वझेच्या गळ्याची शीर दिव्यात दिसत होती.
जागा कोण घेत होतं, कोण हुकत होतं,
मला कुठलं कळायला?
हातांत तीन कप. कोपराने काच ठोकली.
काच खाली आली आणि दोघं गप्प.
झोप झाली का रे तुझी, वझे म्हणाला.

मी म्हटलं, वन्स मोअर.