अर्ध्याच्या वर

दुसऱ्या मुक्कामाला, वाघांब्यात,
आम्ही पाच जण आणि सहावा माझा डावा गुडघा
पवळीबाई चौऱ्यांच्या पडवीत टेकलो तेव्हा
साल्हेरने सूर्य केव्हाच पोटात घातला होता.
त्यांचा देवमन वहीत लिहून घेत होता:
नाव, गाव, वय, भाकरी किती.
मी म्हटलं, त्रेपन्न. आणि दोन.
वयाला कुणी हसलं नाही.
भाकरीला हसले.

नागलीची भाकर, उडदाचं भुजं,
जीभ काळी करणारी खुरासणीची चटणी.
मी मनगटावरच्या घड्याळात बघून सांगत होते
आज किती मीटर चढलो, किती उतरलो.
पवळीबाई तवा उतरवत म्हणाल्या,
"म्हंजे बरोबरीतच सुटलं की."

निखारे राखेखाली गेल्यावर मी विचारलं,
तुम्ही किती वेळा गेलात वर?
"मी? कशाला?"
आणि त्या खरोखरच आठवून बघू लागल्या
एखादं कारण.
"सरपण अर्ध्यापर्यंत. गुरं अर्ध्यापर्यंत.
डोंगऱ्यादेवाला गडीमाणसं जातात, ती त्यांची वाट.
अर्ध्याच्या वर काम नाही, बाई.
वर नुसता डोंगर."

थोड्या वेळाने, अंधारातून:
"वरून आमचं घर दिसतं का पण?"
दिसत असेल, मी म्हटलं.
"असेल नको. बघून सांग.
लेकाच्या लग्नातलं लाल लुगडं टाकते सकाळी कौलांवर."

सकाळी निघालो तेव्हा देवमन शिडीवर होता,
पवळीबाई खालून ओरडत होत्या,
"फुटक्या कौलाच्या अलीकडं! अलीकडं!"

खिंड. मग कातळातल्या पायऱ्या,
एक दरवाजा, दुसरा, पुढचे मी मोजले नाहीत,
श्वास मोजत होते.
परशुरामाच्या देवळापाशी वारा असा
की टोपी आणि मत, दोन्ही धरून ठेवावं लागत होतं.
खाली वाघांबे म्हणजे
कुणीतरी भाकरीचे तुकडे खाऊन उठल्यासारखं.
त्यात एक लाल.

"ट्रॅक्टर आहे," शिरसाट म्हणाले.
वृंदाने मोबाइल ताणून ताणून मोठं केलं,
तेव्हा लालचे चार चौकोन झाले
आणि घर नाहीसं झालं.
मी डोळ्यांवर हात धरून उभी राहिले बराच वेळ.
ते हललं. वाऱ्याने हललं असावं.
किंवा माझ्याच डोळ्यात पाणी होतं, वारं फार होतं.

आणि मग लक्षात आलं
की आपण त्या बाजूला उतरणारच नाही.
मुक्काम पलीकडे, साल्हेरवाडीत.
देवमनचा नंबर घेतला होता; रेंज
कुठल्याच डोंगरावर नव्हती.

साल्हेरवाडीत रायतीबाई बागूल म्हणाल्या,
"पवळी? माझ्या जावेची मावसबहीण ती.
ताहराबादच्या बाजारात गाठ पडंल. काय सांगू?"
तोंडावर आलं होतं: लुगडं दिसलं, घर दिसलं,
फुटकं कौलसुद्धा दिसलं.
सांगा, म्हटलं, लाल दिसलं.
"लाल काय?"
लाल. तेवढंच.
त्या पीठ मळता मळता घोकत राहिल्या,
"मीठ, काडेपेटी, चिमणीची काच, लाल दिसलं."

दुसऱ्या दिवशी मुल्हेरच्या वाटेला
गुडघा कुरकुरला म्हणून मागे राहिले.
पायाशी खुंट होते, ताज्या तोडीचे,
वासरांच्या शेणाची पायवाट, विळ्याला धार लावून
झिजलेला एक दगड. खालून कुणी बाई
दुसऱ्या बाईला नावाने हाक मारत होती.
दहा पावलं पुढे गेले.
शेवटचा खुंट मागे राहिला.
तिथून वर गवत उभंच होतं,
कुणी न कापलेलं, कमरेएवढं,
आणि आमचे चौघं त्यातून
रंगीत पाठपिशव्या घेऊन
चढत होते.