पाच तारखेची पाकिटं

पाच तारखेला मी रक्त आणत नाही,
पाकिटं वाटतो.
बाकी महिनाभर उलटं.
डब्यात बर्फ, बर्फात नळ्या,
नळीवर पेशंटचं नाव, आणि खाली
'रेफ.', म्हणजे कुणी पाठवलं.
नाव चुकलं तर लॅबमध्ये खाडाखोड करून भागतं.
रेफ. चुकला तर साहेब स्वतः बाहेर येतात.

मिरजेतून निघायचं. मालगाव, बेडग, आरग,
येताना म्हैसाळ.
पांढरी पाकिटं, वर कुणाचं नाव नाही,
कोपऱ्यात पेन्सिलीनं आकडा,
नंतर खोडता यावा म्हणून पेन्सिलीनं.
कुणी ड्रॉवर आधीच अर्धा उघडून बसलेले,
कुणी म्हणतात, ठेव तिथं कॅलेंडरखाली,
एक मॅडम सॅनिटायझर लावतात,
पाकीट घ्यायच्या आधी नाही, घेतल्यावर.
माझ्यादेखत कुणी मोजत नाही.
चहा सगळीकडे मिळतो.

वाईट माणसं नाहीत ही.
मालगावच्या डॉक्टरांनी माझ्या धाकटीचा ताप
रात्री दोनला उठून बघितला.
सकाळी तीन टेस्ट लिहिल्या. रक्त मीच नेलं.
आणि पुढच्या पाच तारखेला
तिच्या तापातले दोनशे दहा रुपये
मीच त्यांच्या कॅलेंडरखाली ठेवून आलो.

बेडगला पिठाच्या गिरणीला लागून
मगदूम डॉक्टर बसतात.
टेबलावर, स्टेथोस्कोपवर, भुवयांवर
जोंधळ्याचं पीठ.
फी चाळीस. सुटे नसतील तर परवा.
डावं बोट छातीवर ठेवतात,
उजव्यानं त्यावर वाजवतात, टक टक,
आणि थांबतात.

आमचे दादाजान तंबोऱ्याचे भोपळे निवडायचे.
ट्रकातून उतरलेला एकेक भोपळा
कानाशी धरून असंच वाजवायचे.
"ह्याच्यात आवाज हाय." नाहीतर नुसतं, "न्हाई."
आत काय आहे ते बघायला
कुणी भोपळा कापत नसे.
कापलेला भोपळा
पुन्हा कोण सांधणार?

मगदूम डॉक्टर महिन्याला फार तर दोन माणसं लॅबला पाठवतात.
बाकीच्यांना म्हणतात, जा घरी, काही नाही झालेलं.
साहेब म्हणतात, असली माणसं धंदा बसवतात.
तरी पहिल्या महिन्यात त्यांच्याही नावचं पाकीट निघालं.
सहाशे चाळीस.
डॉक्टरांनी ते उलटंसुलटं करून बघितलं.
"इलाही, हे कुणाचे?"
तुमचे.
"माझे कसे? मी काय विकलं?"
मी गप्प.
"पारिसा कोष्टी आणि ती कागवाडची हणमव्वा,
दोघांच्या बिलातून हे कमी कर.
आणि पावती आण मला."

साहेब हसले. रागावले असते तर बरं झालं असतं.
खुर्ची बाजूला सरकवून त्यांनी मला स्क्रीन दाखवली.
बिल, रेफ., टक्के, दिले.
"सांग, कुठल्या रकान्यात टाकू?"
मग म्हणाले, "राहू दे तुलाच. पेट्रोलला."

पेट्रोलला नाही घातले मी.
हणमव्वाला शोधलंही नाही. खोटं कशाला बोलू?
ते पाकीट कपाटात आहे, पुढच्या महिन्यांची त्याच्यावर.
डॉक्टर दर वेळी विचारतात, "पावती?"
मी म्हणतो, पुढच्या खेपेला.

ह्या पाच तारखेला मला खोकला होता.
तीन आठवडे झाले होते. रात्री झोप नाही.
आपल्याच लॅबमध्ये सगळं करून घ्यावं
असं बायको म्हणत होती, स्टाफला सवलत आहे.
बेडगला थांबलो, चाळीस रुपये टेबलावर ठेवले.
डॉक्टरांनी स्टुलावर बसवलं,
डावं बोट ठेवलं, उजव्यानं वाजवलं.
भुवया आक्रसल्या.
पुन्हा वाजवलं. पुन्हा.
शेजारी गिरणी चालू होती, मला वाटलं त्यामुळं.
मनात घरातली सगळी माणसं एकदम उभी राहिली.

"खिशात काय आहे?"
आरगची, म्हैसाळची.
"काढ आधी ते," डॉक्टर म्हणाले,
"ऐकू येत नाही मला."