निव्वळ वजन

मी वजनकाट्यावर बसतो,
जालन्यात, सळईच्या मिलमध्ये.
भरलेली गाडी येते, आकडा थरथरतो, थांबतो.
मग तीच गाडी रिकामी.
भरलेल्यातून रिकामी वजा केली की उरतो तो माल.
पैसे मालाचे.
गाडीच्या लोखंडाचे कुणी देत नाही.

अठरा वर्षं हेच करतोय,
तरी सही करताना मी भरलेली गाडीच पाहिली:
वीस लाख, वीस वर्षं, नऊ टक्के,
हप्ता सतरा हजार नऊशे पंच्याण्णव.
झेपेल, म्हणलं.
अतीक साहेबांनी पेनाचं टोपण काढून हातात दिलं.

तक्ता दोन वर्षं फायलीतच होता,
नळाच्या पावत्यांखाली.
उज्ज्वलानं काढला, एका रविवारी,
मेथी निवडता निवडता.
"अहो, हे व्याज पंधरा हजार. आणि मुद्दल?"
मी पाहिलं.
दोन हजार नऊशे पंच्याण्णव.

म्हणजे गाडी पंधरा टन, माल तीन.
असला ट्रक काट्यावर आला असता
तर मी डायव्हरला खाली उतरवून विचारलं असतं,
बाबा, नेतोस काय तू?

मग तिनं खडू घेतला.
घरात दोनशे फरशा. वीस लाखाला दोनशे,
फरशी पडली दहा हजाराला.
चोवीस हप्ते झाले, चार लाख एकतीस हजार गेले,
मुद्दल फिटलं अठ्ठ्याहत्तर हजार.
दारापासून मोजत आली
आणि आठव्या फरशीच्या कोपऱ्याशी थांबली.
"हा कोपरा सोडून. एवढं आपलं."

ईश्वरी लगेच त्या आठांत जाऊन बसली, दप्तर घेऊन.
"बाकी कुणाचं गं?"
कुणी बोललं नाही. मेथीच्या काड्या पडल्या होत्या,
त्या बँकेच्या बाजूला.

तक्त्यात खाली खाली जावं तसा माल वाढतो.
चौदाव्या वर्षाच्या शेवटी अर्धं घर फिटतं.
चौदा वर्षं. आमच्याकडं हा आकडा
सांगायला वेगळं कुणी लागत नाही.
सगळं मिळून त्रेचाळीस लाख.
दोन घरं बांधून होतात एवढ्यात.
झालीच की. एक दिसतं.

आणि तेही त्या कागदापुरतं.
मार्चमध्ये मोबाइलवर मेसेज आला,
दर अर्धा टक्का वाढला, हप्ता तोच राहील.
तोच राहील वाचून मला बरं वाटलं होतं.
शाखेत गेलो तर अतीक साहेब खाली पाहत म्हणाले,
"हप्ता तोच. महिने एकवीस वाढले."
अर्ध्या टक्क्याला एकवीस महिने!
काट्यात अर्धा टक्का फरक निघाला
तर मालक माझा पगार कापतो.

रात्री मी म्हणलं, चूक झाली. भाड्यानंच बरे होतो.
उज्ज्वला मच्छरदाणी खोचत होती.
"भाडं साडेपाच हजार. त्यात माल किती?"
मी गप्प.
"सगळी गाडीच होती ती. लहान होती, एवढंच."
मग दिवा घालवून, अंधारातून,
"बोनसचे अठरा हजार फ्रिजला नकोत.
मुद्दलात टाका. शेवटचे सहा हप्ते गळतात,
विचारून आले मी."

मला न सांगता गेली होती. पायी, मोती तलावावरून.

फ्रिज राहिला. माठ आहे.
बोनस भरला तेव्हा खडूची रेघ
जवळपास दोन फरशा पुढं सरकली.
ईश्वरीनं ती सरकवली, जीभ बाहेर काढून, सरळ.

मे महिन्यात लाईट गेली की
आम्ही तिघं दाराशीच पडतो, गादी न घालता.
फरशी थंड असते.
उज्ज्वलाचे पाय रेघेच्या पलीकडे जातात.
मी सांगत नाही.

सकाळी सात वाजता पहिली गाडी.
आकडा थरथरतो.
डायव्हर ओरडतो, "साहेब, किती?"
थांब, म्हणतो मी,
रिकामी होऊन ये आधी.