मुद्देमाल क्रमांक दोन

रावेरच्या कोर्टात पंख्याला आवाज आहे, वारा नाही.
सुरमल चव्हाण पिंजऱ्यात उकिडवा बसतो.
शिपाई खेकसतो, उभा राहा. तो राहतो.
परत बसतो.

एका रात्रीत साडेचारशे केळी आडव्या.
कापणारा कोणी पाहिला नाही,
पण नाव तयारच होतं:
रुळापलीकडचा, पालातला,
रात्रीचा फिरणारा.

रात्रीच का फिरतोस? कोठडीत विचारलं होतं.
"दिसा कोन फिरू देतं?"
एवढंच. मग वकीलपत्रावर अंगठा.

मी सदरा मागवला. लाखेचं सील फोडलं.
त्याच रात्री अंगावरून उतरवलेला, न धुतलेला.
घाम, माती, विडीनं पाडलेलं भोक.
चीक नव्हता.

अत्तरदे, तुमची बाही दाखवा.
दाखवली. काळे डाग.
पंच क्रमांक एक. डाग.
मग मीच कोट उतरवला:
बापाच्या बागेतले, तीन साबण बदलून
न गेलेले.

"या खोलीत, मॅडम, बिनडागाचा
हा एकच सदरा आहे.
याला कधी कोणी केळीच्या कामालासुद्धा
बोलावलेलं नाही."
मागच्या बाकावर कोणीतरी खाकरलं.
मॅडम बराच वेळ काही लिहीत नव्हत्या.

सुटला.
पायरीवर त्यानं सदरा झटकला,
उलटा करून पाहिला,
अंगात घातला आणि विचारलं,
"तुमच्या बागंत हाय का काम?"

मी फायली सावरल्या.
बाराला
दुसरी तारीख होती.