आंधळा कोपरा

गोल बुरुजांचे दिवस संपले होते.
तोफेच्या गोळ्याला गोलाईचं काय कौतुक?
शिवाय गोल बुरुजाच्या पायथ्याशी, अगदी नाकाखाली,
एक जागा अशी उरतेच
जिथे शत्रू उभा राहिला तरी वरून दिसत नाही.
बाल्दास्सारेने ड्यूकपुढे चर्मपत्र उलगडलं,
कंपास रोवला, पाच अणकुचीदार टोकं काढली.
"यात आंधळा कोपरा नाही, हुजूर.
प्रत्येक भिंत दुसरीवर नजर ठेवील."

ड्यूकला हे फार आवडलं.
त्याच्या घरातही तसंच चालायचं.

सतरा वर्षं चुना भाजला.
टेकडीवरचे ओक भट्टीत गेले,
टेकडी अजून बोडकी आहे.
मुकादमाच्या वहीत एका मंगळवारी लिहिलंय:
चिरे चारशे बारा, बैल एक,
बोटं दोन (गवंडी नूतो, डावा हात).
त्याखाली बेरीज नाही.

मग वाट बघणं.
तर्पेनाच्या तटावर माणसं वाट बघत म्हातारी झाली.
चंद्रकोरीच्या निशाणाची गलबतं आली ती एकदाच,
तीन, पिण्याचं पाणी मागायला.
गोलंदाजाने बत्ती लावली, दारू सर्दावलेली,
तोफ नुसती खोकली.
पाणी दिलं. त्यांनी खजुराची दोन पोती ठेवली.
दरवाजावरच्या संगमरवरात याला विजय म्हटलंय.
ती पाटी मीच पुसते, दर सोमवारी.

पुढे राजाने किल्ल्याचा तुरुंग केला.
भिंती तशा तयारच होत्या,
फक्त नजर आत वळवायची.
माझा पणजा ओत्तोरिनो छापखान्यात खिळे जुळवायचा.
त्याने काय जुळवलं ते घरात कुणी सांगत नाही.
पणजी झेलिंदा अमावास्येला होडी वल्हवत यायची
ईशान्येच्या टोकाखाली,
जिथे आठ बोटांच्या एका माणसाने
एक थर हातभर आत घेतला होता.
चूक होती की सूड, वहीत नाही.

ती बोलायची नाही. एकदा खोकायची.
वरून एक खोकला यायचा.
नऊ वर्षं एवढाच संसार.
दहाव्या वर्षी ती खोकली,
आणि मग बराच वेळ वल्हं पाण्यात तसंच.

आता तिकीट तीन युरो, मुलांना फुकट.
भिंतीच्या भेगांतून केपरची झुडपं लोंबतात.
मी शिडीवरून मुक्या कळ्या खुडते,
मिठात मुरवते, बरण्या विकते.
फूल होऊ दिलं की माल गेला.
लोक विचारतात, इथे लढाया किती झाल्या?
मी पाटीकडे बोट करते.

ईशान्येकडची झुडपं मात्र मी खुडत नाही.
तिथे शिडी पोचते, तसं काही नाही.
जूनमध्ये ती रात्रीत पांढरी फुलतात,
दुपारपर्यंत गळून पाण्यावर.
वरून दिसत नाहीत.