बुटांच्या उंचीवरून

सिक्स्टेन वीकबूमला मी एकतीस वर्षं खालून पाहिलं.
रंगमंचाच्या काठाशी लाकडी पेटी, पेटीत मी,
मांडीवर संहिता, पायांशी विजेची शेगडी
आणि नाकासमोर त्याचे बूट.
गोथेनबर्गच्या लोकांना त्याचा चेहरा ठाऊक.
मला ठाऊक त्याची डावी टाच,
खोटं बोलायच्या आधी किंचित उचलली जाणारी.
(खोटं म्हणजे नाटकातलं.
नाटकाबाहेर तो नुसत्या थापा मारायचा.)

पहिल्या वर्षी तो तबक घेऊन यायचा, इतकंच.
‘बग्गी आली, सरकार.’
तीन शब्द. तेही एकदा विसरला.
मी पुटपुटले, आणि त्याने ते असे उच्चारले
की पहिल्या दोन रांगा बग्गी बघायला मागे वळल्या.

मग बूट बदलत गेले.
सरदाराचे, पाद्र्याचे, फासावर जाणाऱ्या सावकाराचे,
एका हिवाळ्यात सलग चौसष्ट प्रयोग विधवेचे,
उंच टाचांचे, त्याच्या मापाने मुद्दाम शिवलेले.
त्यात तो माझ्यापेक्षा बरा चालायचा.
उन्हाळ्यात गावोगावच्या बागांतून विदूषक:
रात्री दहालाही न मावळणारा उजेड,
सॉसेजच्या टपरीचा धूर, घोंघावणारे डास,
चार फळ्यांचा मंच, आणि माझ्या पेटीला जागा नाही.
मी गर्दीत उभी राहायचे.
ओठ आपोआप हलायचे.

मुलांना तो माहीत होता फक्त बिज्जू म्हणून.
कार्टूनमधल्या एका चिडक्या बिज्जूचा आवाज त्याचा.
दुकानात त्याने चीज मागितलं
की काउंटरमागची पोरगी तोंडावर हात धरायची.
‘नऊ राजे होऊन मेलो,’ तो म्हणायचा,
‘मागे उरणार बिज्जू.’

गाणी लिहायचा औषधांच्या पावत्यांच्या पाठीवर.
आईला संधिवात, त्यामुळे कागदाला तोटा नव्हता.
ती उत्तरेत, हॅर्नोसांडच्या प्रार्थनाघरात
पायपेटी वाजवत असे, बोटं वळत होती तोवर.
बाप नदीतून ओंडके खाली आणायचा.
एका वसंतात ओंडके आले.
त्यावर त्याने कधी गाणं केलं नाही.
केलं ते फेरीबोटीवर तिकिटं फाडणाऱ्या बाईवर,
जी रोज पलीकडे जाते
आणि कुठेच उतरत नाही.
ते मात्र सगळ्या देशाने गुणगुणलं,
लग्नांत, बॅरेकींत,
मयतीनंतरच्या कॉफीलासुद्धा.

मी एकदा विचारलं, ही बाई कोण?
‘कुणी नाही. यमक जुळलं म्हणून.’
डावी टाच उचलली गेली.

एकाहत्तराव्या वर्षी, दुसऱ्या अंकात, तो थांबला.
मी ओळ दिली. पुन्हा दिली.
तिसऱ्यांदा मोठ्याने, बाल्कनीला ऐकू जाईल इतक्या,
जे आमच्या धंद्यात पाप.
तो पुढे आला, कमरेत वाकला,
भरल्या नाट्यगृहासमोर माझ्या पेटीत डोकावून म्हणाला,
‘तुम्ही इथे कधीपासून बसलात, बाई?’
लोक हसले. टाळ्या पडल्या.
मी त्याचे पाय पाहत होते.
दोन्ही टाचा फळीला घट्ट टेकलेल्या.

आता नमद्याच्या सपाता, राखाडी, दोन्ही सारख्या.
वृद्धाश्रमात गुरुवारी वाटाण्याचं सूप असतं,
म्हणून मी गुरुवारी जाते.
खुर्ची देतात, पण मी बुटक्या स्टुलावर बसते,
मान त्याच कोनात बरी वाटते.
कुणी बिज्जूचा आवाज काढा म्हटलं तर तो चिडतो,
आणि तो हुबेहूब बिज्जूचाच चिडणं असतो.
खिडकीतून नदी दिसते. बोट येते, लागते, सुटते.
मागच्या आठवड्यात त्याने खिशातून
एक चुरगळलेली पावती काढली,
गुडघ्यावर सरळ केली, माझ्यापुढे धरली
आणि वाट पाहत राहिला.
संहितेत हे नव्हतं.
मी ती फाडली. अर्धी त्याच्या हातात दिली,
अर्धी पर्समध्ये ठेवली.
तेवढ्यात सूप निवलं.