त्रिपाठींचं दार

अकरा दिवसांपुरतं आमचं घर त्रिपाठींचं झालं.
ग्वाल्हेरच्या जीवाजीगंजातलं, सत्त्याऐंशी साली
पीएफमधून कर्ज काढून बांधलेलं, दुमजली.
‘मोरघडे’ची पाटी उतरवून त्यांनी
कागदात गुंडाळली, माझ्याच हातात दिली.
पावती मागितली तर हसले.

तेहतीस वर्षं एजी ऑफिसात काढली मी, ऑडिटमध्ये.
पावतीशिवाय मला घास उतरत नाही.

दिवाळीला दिलेला पिस्ता रंग
चहाचं पाणी आणि काजळी फासून त्यांनी जुना केला.
‘मौसी, घर थोड़ा पिटा हुआ लगना चाहिए,’
म्हणाला सेटवरचा पोरगा, फार मायेनं.

मग ग्वाल्हेर गेलं.
स्कूटरींचे नंबर बदलले, रबडीवाल्याच्या दुकानावर
भलत्याच जिल्ह्याचं नाव चढलं,
आणि जिथून कोचिंगच्या सायकली जातात
तिथून भरदुपारी कट्टे घेऊन पोरं धावली.
मी म्हटलं, दोनशे वर्षं इथे मराठी बोलतोय आम्ही,
एखाद्या बाईला बोलू द्या की.
‘ऑडियन्स कन्फ्यूज होगी.’
शेवटी मराठी आली ती एका हवालदाराच्या तोंडी,
दोन शब्द. त्यातली एक शिवी.

थप्पड माझ्या स्वयंपाकघरात होती.
नायिकेचं काम करणारी पोर तेवीसेक वर्षांची,
दोन टेकच्या मध्ये माझ्या डब्यातला गूळ खायची.
थप्पड अकरा वेळा खाल्ली.
हात लागत नव्हता. आवाज नंतर घालतात म्हणे.
दर वेळी कुणीतरी पोळ्यांचा डबा उचलून
पुन्हा सरळ ठेवायचं, पुन्हा पाडायला.
मी कॅमेऱ्याच्या मागे, फ्रिजला टेकून,
मोजत होते. सवय.

आमची एकच.
एक्क्याण्णवचा मार्च, वर्षअखेर,
मला ऑफिसातून यायला साडेनऊ झाले होते.
डबा पडला नाही. रिटेक झाला नाही.
व्हाउचर नसलेला खर्च आम्ही आक्षेपात टाकायचो,
तीन स्मरणपत्रं, मग प्रकरण वर.
मी पोळ्या लाटल्या.

पुढच्या वर्षी मालिका आली. सात भाग.
हर्षालीने, सुनेने, मोबाइल टीव्हीला जोडून दिला.
आमची ग्रिल दिसली, आमची तुळस,
‘अगं, आपला डबा!’ म्हणून सगळेच ओरडलो
आणि तेवढ्यात ती बसली.
आता तिला आवाज होता.

हे म्हणाले, ‘फार वाढवून दाखवतात हल्ली.’

रिमोट माझ्याकडे होता. मी थांबवलं.
पडद्यावर उचललेला हात,
मागे आमच्या टाइल्स, निळ्या फुलांच्या,
डाव्या कोपऱ्यातली तडकलेली.
हे उठले, पाणी आणतो म्हणाले,
स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापर्यंत गेले
आणि पाणी न घेताच परत आले.
हर्षाली माझ्याकडे बघत होती,
न जुळणाऱ्या बेरजेकडे बघावं तशी.
मी पुढे चालू केलं.

शेवटच्या भागात ती घर सोडते.
त्यासाठी त्यांनी गल्लीकडच्या भिंतीवर
एक दार चिकटवलं होतं, प्लायवुडचं:
कडी, कोयंडा, शुभ-लाभ, सगळं.
आत काही नाही. आत माझी भिंत,
भिंतीला लागून गव्हाची कोठी.
ती बाहेरच उभी राहिली, ओढून घेतल्यासारखं केलं,
चालू लागली. बॅग रिकामी होती,
मी उचलून पाहिली होती.

दार न्यायचं राहिलं. दोन उन्हाळ्यांत लाभ पुसला गेला,
शुभ आहे अजून.
निखिलेश म्हणतो, काढून टाकू. मी म्हणते, बघू.

परवा सिलिंडरवाला नवा होता.
त्याने तेच ठोठावलं.
मी कोठीतून गहू काढत होते, वाकून,
भिंतीपलीकडून तीनदा, अगदी कानाशी.

‘आले, आले,’ म्हटलं मी.